चालीकडून दिग्दर्शनाकडे : ‘प्रभात’चे तीन संगीतकार

मराठी नाट्यवाङ्मयाच्या इतिहासाचा पेपर आम्ही गेली पंधरा-वीस वर्षे शिकवीत आणि तपासीत आलो आहोत. संगीत रंगभूमीच्या ऱ्हासाची कारणे विचारली, की बहुतेक उत्तरपत्रिकांत एक वाक्य हटकून भेटते : ‘बोलपट आला आणि संगीत नाटकाचा अस्त झाला.’ वाक्य खोटे नाही. नाटकगृहांची चित्रपटगृहे झाली, कंपन्या कर्जात बुडाल्या, नटमंडळी स्टुडिओच्या दाराशी जाऊन उभी राहिली, हे सारे घडलेच. या वाक्यास आम्ही निमूटपणे गुण देत आलो आणि वर्गात ते स्वतःही उच्चारीत आलो. परंतु त्यानंतर काय, हा प्रश्न आम्ही विचारला नाही. संगीत नाटकासाठी ज्यांनी उभी हयात चाली बांधल्या ते लोक 1932 नंतर कोठे गेले आणि तेथे जाऊन त्यांनी नेमके काय केले? चित्रपटातले संगीत हा ‘वाङ्मयबाह्य’ विषय असल्याची आमची समजूत होती. ती किती उथळ होती हे सांगण्यासाठीच हा लेखप्रपंच.

प्रथम ‘चाल’ या शब्दाकडे पाहू. जुन्या संगीत नाटकांची छापील पुस्तके ज्यांनी हाताळली असतील त्यांना स्मरत असेल, की प्रत्येक पदाच्या डोक्यावर राग आणि ताल यांच्याबरोबर ‘चाल’ असा शब्द घालून पुढे कोणत्या तरी आधीच्या गाण्याचे नाव दिलेले असते. पद नवे, पण चाल कोणाची तरी, कोठून तरी आलेली. अण्णासाहेब किर्लोस्करांनी साकी, दिंडी, कीर्तनातल्या आणि कर्नाटकी वळणाच्या चाली घेतल्या. देवलांनी ‘शारदे’त घरगुती गळ्याला पेलतील अशा चाली निवडल्या. नाटककारच पदे लिही आणि बहुधा तोच चालही ठरवी. या व्यवस्थेत पहिला मोठा बदल 1911 साली झाला. किर्लोस्कर नाटक मंडळीने खाडिलकरांचे ‘मानापमान’ रंगभूमीवर आणले आणि त्याच्या चालींचे काम गोविंदराव टेंबे या हार्मोनियमवादकाकडे सोपविले. नाटककाराने लिहावे आणि चाली दुसऱ्याच जाणकाराने द्याव्यात, ही विभागणी तेथून रुळली. पुढे 1916 च्या ‘स्वयंवरा’साठी भास्करबुवा बखल्यांसारखा थोर गवई लाभला. ख्याल, ठुमरी, दादरा यांचा खजिना नाट्यपदांसाठी खुला झाला.

तरीही हे काम मुख्यतः निवडीचे होते. उत्तम चीज शोधायची, ती नटाच्या गळ्यावर बसवायची, तिच्या वजनात मराठी शब्द बसतील असे पाहायचे. यात प्रतिभा लागत नाही असे आम्हांला मुळीच सुचवायचे नाही. ‘मानापमाना’च्या चाली शंभर वर्षांनंतरही मैफलींतून गायिल्या जातात, ते काही उगाच नव्हे. पण एकदा पडदा वर गेला की चाल देणाऱ्याचे राज्य संपे. पद किती वेळ चालावे हे नट ठरवी आणि प्रेक्षक ठरवीत. ‘वन्समोअर’ मिळाला की पद पुन्हा, आणखी नव्या ताना घेऊन. कथानक तेवढा वेळ विंगेत तिष्ठत उभे.

या सवयीचे लोक बोलपटात आले.

14 मार्च 1931 रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात अर्देशीर इराणींचा ‘आलम आरा’ लागला, आणि हिंदुस्थानी चित्रपट बोलू लागण्याआधीच जणू गाऊ लागला. त्यात सात गाणी होती, संगीत फिरोजशहा मिस्त्री यांचे. या चित्रपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही आणि त्यातल्या गाण्यांच्या ध्वनिमुद्रिकाही निघाल्या नाहीत. म्हणजे आपल्या चित्रपटसंगीताचे पहिले पान कोरेच आहे. पुढच्याच वर्षी कलकत्त्याच्या मादन कंपनीने ‘इंद्रसभा’ काढली आणि तीत सत्तरच्या घरात गाणी घातली. पारशी-उर्दू रंगभूमीचा ऐवज जसाच्या तसा पडद्यावर आणून ठेवला, दुसरे काय! मूकपटांच्या काळात चित्रपटगृहात पडद्याखाली पेटी-तबला घेऊन बसणारे वादक होतेच. आता पडदाच वाजू लागला, एवढाच फरक प्रथम कित्येकांना जाणवला असेल.

मराठीची कथा कोल्हापुरात सुरू होते. दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी या पाच भागीदारांनी 1929 साली तेथे ‘प्रभात फिल्म कंपनी’ स्थापन केली होती. 1932 च्या आरंभी तिचा पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत आला. दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचे. संगीतासाठी कंपनीने टेंब्यांना बोलाविले आणि राजा हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांनाच दिली. टेंबे तेव्हा पन्नाशीला आलेले. गंधर्व नाटक मंडळीच्या स्थापनेत बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्याबरोबर त्यांचा वाटा होता, पुढे स्वतःची शिवराज नाटक मंडळीही त्यांनी काढली होती. रंगभूमीचे सर्व चढउतार पाहिलेला हा माणूस नव्या यंत्रासमोर गायला उभा राहिला. समोर तारामतीच्या भूमिकेत दुर्गाबाई खोटे. त्या व्यावसायिक गायिका नव्हत्या, आणि नाटकातल्या स्त्रीपार्टीच्या घोटीव गळ्याशी त्यांच्या गळ्याचे काहीच नाते नव्हते.

त्या काळी गाणे आणि चित्रीकरण एकाच वेळी होई. नट कॅमेऱ्यासमोर गात आहे, मायक्रोफोन चौकटीच्या बाहेर कोठे तरी लपविलेला आहे, आणि साथीदार नेपथ्याच्या आडोशाला दडून बसले आहेत, असा तो प्रकार. आवाज आणि साथ एकत्रच मुद्रित होणार. नंतर कमी-अधिक करण्याची सोय नाही. नट मायक्रोफोनपासून चार पावले दूर गेला तर सूर विरळ होणार, तबलजी जवळ बसला तर शब्द बुडणार. एखाद्याला खोकला आला तर सारे पुन्हा पहिल्यापासून. वादकांनी कोठे बसावे, गाणाऱ्याने कोणत्या ओळीला मान वळवावी, श्वास कोठे घ्यावा, या गोष्टी आता चालीइतक्याच महत्त्वाच्या झाल्या. नाटकात ज्याचे काम पडदा वर जाताच संपे, त्याला चित्रपटात खरे काम तेथूनच सुरू होते हे कळून चुकले. ‘अयोध्येचा राजा’ आज आपल्याला पाहता येतो. उपलब्ध भारतीय बोलपटांतला तो सर्वांत जुना मानला जातो. त्यातील गाणी ऐकताना टेंब्यांच्या चालीत नाट्यपदाचा डौल तसाच आहे, पण पद आखडते घेतले आहे हे लगेच लक्षात येते. ताना आहेत, पण अंगचोरून उभ्या आहेत. वन्समोअर देणारे कोणी समोर नाही!

टेंब्यांनी ‘प्रभात’साठी ‘माया मच्छिंद्र’ (1932), ‘सिंहगड’ (1933), ‘सैरंध्री’ (1933) इत्यादी चित्रपट केले आणि कंपनी कोल्हापुराहून पुण्यास गेली त्या सुमारास त्यांचे हे पर्व संपले. ‘माझा संगीत व्यासंग’ आणि ‘माझा जीवनविहार’ ही त्यांची पुस्तके मराठी गद्याची म्हणून आम्ही विद्यार्थ्यांना आवर्जून वाचावयास सांगतो. त्यांतला टेंबे हा मैफलीचा माणूस आहे. चित्रपटाकडे तो आला, त्याने आपल्या परीने काम चोख केले. पण त्याचा जीव तेथे रमला असे आम्हांला वाटत नाही. आमचा हा समज चुकीचाही असू शकेल.

दुसरा माणूस निराळ्या वाटेने आला, आणि या लेखाचा खरा नायक तोच आहे. केशवराव भोळे यांचा जन्म 1896 चा, विदर्भातला. ते गात, चाली बांधीत. पण त्याचबरोबर ते लिहीत. ‘एकलव्य’ या टोपणनावाने त्यांनी केलेले संगीतसमीक्षेचे लेखन मराठीत या प्रकारच्या लेखनाचा पाया घालणाऱ्यांपैकी आहे. गवयाच्या गाण्यात काय होते, एवढेच सांगून न थांबता ते तसे का होते आणि काय नसते तर बरे झाले असते, हेही सांगण्याची त्यांना सवय होती. टीकाकाराची ही सवय पुढे त्यांना कशी उपयोगी पडली ते पाहण्यासारखे आहे.

1933 साली ‘नाट्यमन्वंतर’ संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले. ब्यर्नसनच्या नाटकावरून श्री. वि. वर्तकांनी लिहिलेल्या या नाटकाचे स्थान आपण वर्गात नेहमी सांगतो : स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनी करणे, वास्तववादी नेपथ्य, स्वगतांना फाटा इत्यादी. या नाटकाचे संगीत भोळ्यांचे होते आणि त्यांच्या पत्नी, मूळच्या गोमंतकातल्या ज्योत्स्नाबाई भोळे, त्यात भूमिका करीत व गात होत्या, हेही सांगतो. सांगत नाही ते एवढेच, की पदांची गर्दी हटवून मोजकी, प्रसंगातून उगवणारी, भावगीताच्या अंगाची गाणी नाटकात ठेवणे हा निर्णय नाट्यरचनेइतकाच संगीतरचनेचाही होता. गाणे कोठे नको, हे ठरविणे म्हणजे संगीताचेच काम, ही कल्पना त्या नाटकापासून मराठीत दिसू लागते. भोळे लौकरच ‘प्रभात’मध्ये आले ते हीच कल्पना बरोबर घेऊन.

पुण्याच्या स्टुडिओतला ‘प्रभात’चा पहिला चित्रपट ‘अमृतमंथन’ (1934). त्यात शांता आपटे ही कोवळ्या वयाची मुलगी गायली. तिचा आवाज भोळ्यांनी घडविला. आजवरच्या गाणाऱ्या नटी एका जागी खिळून, प्रेक्षकांकडे तोंड करून गात; शांताबाई गाताना डोळ्यांनी, मानेने, हातांनी बोलू लागल्या. पुढे या गोष्टीचे श्रेय बहुतेकांनी अभिनेत्रीला दिले, काहींनी दिग्दर्शकाला. ते योग्यच. पण लांब आलाप घेणाऱ्या गायिकेला तान पुरी होईपर्यंत चेहरा स्थिर धरावा लागतो, आणि शब्दाशब्दावर थांबत जाणारी छोटी, चपळ चाल असेल तरच मुद्रा हलू शकते, हे कोणत्याही गाणाऱ्याला विचारावे. अभिनयाला जागा मिळाली ती चालीने करून दिली म्हणून. पियानो, व्हायोलिन, हवाईयन गिटार अशी वाद्ये भोळ्यांनी आपल्या रचनांत आणली. त्यामुळे जुन्या जाणकारांच्या कपाळाला आठ्या पडल्या असतील, तर नवल नाही.

यानंतर आला ‘संत तुकाराम’. दामले-फत्तेलाल यांचा हा चित्रपट 1936 च्या डिसेंबरात मुंबईस लागला, एका चित्रपटगृहात वर्षाहून अधिक काळ चालला, आणि 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला. ही माहिती सर्वांना असते. आम्हांला तुकारामाची भूमिका करणाऱ्या विष्णुपंत पागनिसांच्या गाण्याविषयी बोलायचे आहे. पागनीस पूर्वी नाटकांत स्त्रीभूमिका करीत. नंतर भजनात रमले. त्यांचे भजन हे त्यांचे स्वतःचे होते. अशा गाणाऱ्याला चाल ‘देणे’ म्हणजे त्याची भक्ती काढून घेऊन तिच्या जागी आपली हुशारी बसविणे. भोळ्यांनी तसे केले नाही. पागनिसांचे भजन त्यांनी त्यांच्यापाशी राहू दिले आणि त्याच्याभोवतीच्या जगाला सूर दिले. संगीत दिग्दर्शक या पदाचा उत्तरार्ध येथे दिसतो.

या चित्रपटातला सालोमालो आठवा. तुकोबांचे अभंग चोरून स्वतःच्या नावावर खपविणारा हा देवळातला बुवा. चित्रपटाच्या आरंभीच तुकोबा अभंग गातात आणि तोच अभंग थोड्याच वेळात सालोमालोच्या तोंडी येतो. शब्द जवळजवळ तेच. बदलते ती फक्त गाण्याची तऱ्हा : ठसका, हेलकावे, श्रोत्यांकडे टाकलेला कटाक्ष. भागवत या नटाने ही भूमिका इतक्या रंगतीने केली आहे, की हसू आवरत नाही. पण हसून झाल्यावर ध्यानात येते की चौर्य म्हणजे काय, यावरचे ते एक भाष्यच आहे. शब्द चोरता येतात, चालीतला माणूस चोरता येत नाही. आम्ही साहित्याचे शिक्षक ‘आशय आणि अभिव्यक्ती’ या प्रकरणावर वर्षानुवर्षे फळा भरतो. त्याऐवजी हे दोन प्रसंग लागोपाठ दाखविले तर तास अर्ध्या वेळात संपेल.

याच चित्रपटासाठी गीतकार शांताराम आठवल्यांनी एक अभंग नव्याने रचला, तो एवढा बेमालूम की अनेक जाणत्यांना तो तुकोबांच्या गाथेतलाच वाटला आणि त्यांनी गाथेत त्याचा शोध केला, अशी आख्यायिका आहे. आमच्याही विद्यार्थ्यांपैकी एकीने तो अंतर्गत परीक्षेत तुकारामाचा म्हणून उद्धृत केला होता. आम्ही गुण कापले नाहीत. या गोष्टीत आठवल्यांच्या शैलीप्रभुत्वाचे कौतुक होते, आणि व्हावेच. परंतु ते शब्द कागदावर वाचून कोणी फसले नव्हते. ते पागनिसांच्या गळ्यातून, टाळमृदंगाच्या ठेक्यावर ऐकून लोक फसले. अभंगाचे ‘तुकारामपण’ सिद्ध झाले ते कानांनी. छंदःशास्त्राच्या पुस्तकात अभंगाची अक्षरे मोजून दाखवितात. अभंग ओळखू येतो तो मात्र त्याच्या चालण्यावरून.

भजन म्हणजे एका अर्थी सोपी भूमी होती. तेथे गाण्याला कारण शोधावे लागत नाही. भोळ्यांची खरी कसोटी पुढच्या वर्षी लागली. ना. ह. आपट्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवरून शांतारामांनी 1937 साली ‘कुंकू’ काढला. हिंदी आवृत्तीचे नाव ‘दुनिया न माने’. तरुण नीरेचे लग्न फसवून वयस्क वकील काकासाहेबांशी लावून दिले जाते आणि ती या पतीचा पती म्हणून स्वीकार करावयास नकार देते, ही कथा. नीरा शांता आपटे, काकासाहेब केशवराव दाते. चाळिशी ओलांडलेला, नुकतेच यश मिळविलेला संगीतकार अशा विषयावर काय करील? सारंगी रडवील, व्हायोलिने उसासे टाकील. विरहिणीसाठी रागांची काही वाण नाही.

भोळ्यांनी पार्श्वसंगीतच ठेवले नाही.

पुन्हा सांगावेसे वाटते, कारण वाचताना हे वाक्य सहज निसटते. भारतीय बोलपट अवघा सहा वर्षांचा आहे, आणि गाणे-बजावणे हेच त्याचे मुख्य भांडवल असताना संगीत दिग्दर्शक ठरवितो की प्रसंगांच्या मागे वाद्ये वाजणार नाहीत. ऐकू येतील ते त्या घरातले आवाज : पावले, दारे, वस्तू आणि भिंतीवरचे घड्याळ. गाणी आहेत, पण ती कोणी तरी त्या जगातच गाते. रस्त्यावरून गात जाणारा भिकारी आहे. मास्तर परशुराम यांनी गायिलेले ते गीत पुढे घरोघर पोहोचले. नीरेच्या तोंडी लाँगफेलोची ‘साम ऑफ लाइफ’ ही इंग्रजी कविता आहे, आणि ती शांता आपट्यांनी खरोखरच चालीवर गायिली आहे. इंग्रजी कविता मराठी घरातल्या मुलीने म्हणावी यात काहींना चमत्कृती वाटेल. शाळेच्या पुस्तकातून मिळालेली, जगण्याला धैर्य देणारी ती एक गोष्ट तिच्यापाशी आहे. त्या घरात ती तिने दागिन्यासारखी आणली आहे, आणि दागिन्यासारखी विकूनही टाकता येत नाही. हे कवितेच्या अर्थावरून कळते त्यापेक्षा तिच्या किंचित परक्या, कवायतीच्या वळणाच्या चालीवरून अधिक कळते.

आणि घड्याळ. काकासाहेबांचे वय काकासाहेबांना कोणी तोंडावर सांगत नाही. ते काम घड्याळ करते. मागे वाद्ये असती तर त्याची टिकटिक हा केवळ एक तपशील राहिला असता. शांतता असल्यामुळे ते पात्र होते. ही किमया अर्थातच एकट्या भोळ्यांची नव्हे. शांतारामांसारखा दिग्दर्शक आणि स्वतः दामल्यांनी उभा केलेला ध्वनिविभाग यांच्यावाचून ती होती ना. तरीपण ज्याच्या हाती वाद्यवृंद आहे त्याने तो गप्प बसविण्यास संमती द्यावी, किंबहुना तसा आग्रह धरावा, ही त्या काळी सामान्य गोष्ट नव्हती. ज्या माणसाने ‘एकलव्य’ होऊन इतरांच्या गाण्यातले अनावश्यक काय ते वर्षानुवर्षे नोंदविले, त्याने येथे स्वतःवर तीच टीका आधीच करून घेतली, असे आम्हांला वाटते. 1964 साली त्यांचे जे पुस्तक निघाले त्याचे नावच ‘माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन’ असे आहे. रचना आणि दिग्दर्शन या दोन गोष्टी त्यांनी एकमेकींपासून वेगळ्या ओळखल्या होत्या. टेंब्यांच्या आत्मपर पुस्तकाचे नाव ‘माझा संगीत व्यासंग’. शीर्षकांवरून फार अनुमाने काढू नयेत हे आम्ही विद्यार्थ्यांना बजावतो, पण येथे मोह आवरत नाही.

तिसरे मास्तर कृष्णराव फुलंब्रीकर. आळंदीचे, भास्करबुवांचे शिष्य, गंधर्व नाटक मंडळीचे आधारस्तंभ; 1931 च्या ‘कान्होपात्रे’चे संगीत त्यांचेच. ‘प्रभात’मध्ये त्यांचा प्रवेश झाला तो बालगंधर्वांबरोबर, 1935 च्या ‘धर्मात्मा’साठी. संत एकनाथांवरच्या या चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते. सरकारी परीक्षकांना त्यात गांधीजी दिसले आणि नाव बदलावे लागले. ज्यांच्या पदांसाठी रात्री उजाडत, ते बालगंधर्व या चित्रपटात एकनाथ झाले, आणि अपेक्षेएवढे यश काही आले नाही. याची कारणे अनेक देतात. आमच्या मते एक साधे कारण बालगंधर्वांच्या गायनातच आहे : समोरच्या दादेतून ते गाणे वाढत जाई, आणि मायक्रोफोन दाद देत नाही. बालगंधर्व रंगभूमीकडे परतले. मास्तर मात्र राहिले.

राहिले आणि बदलले, हे विशेष. भोळ्यांना नाट्यसंगीताशी फारकत घेणे सोपे होते. मास्तरांचे तर ते घरच होते. तरी ‘गोपालकृष्ण’ (1938) मध्ये त्यांनी गोकुळातल्या पोरांच्या तोंडी रुळतील अशा चाली केल्या, आणि ‘माणूस’ (1939) मध्ये तर कमालच केली. शांता हुबळीकरांनी रंगविलेली मैना कोठ्यावर एक गाणे गाते. अनंत काणेकरांच्या या गाण्यात निरनिराळ्या प्रांतांच्या भाषा आणि चालींची नक्कल एकामागून एक येते. काणेकर म्हणजे ‘आंधळ्यांच्या शाळे’च्याच परिवारातले; त्यांच्या मिस्किलपणाला मास्तरांनी तेवढेच मिस्किल सूर दिले. आज हे गाणे ‘जुनी सदाबहार गाणी’ अशा कार्यक्रमांत आनंदी गाणे म्हणून वाजते. चित्रपटात ते आनंदी नाही. उद्याची चिंता कशाला, असे सांगणाऱ्या बाईला उद्या नाहीच. ती प्रत्येक गिऱ्हाइकाच्या भाषेत तेच हसू हसून दाखवीत आहे. ख्यालगायकीत मुरलेल्या माणसाने विडंबनाला हात घालावा, आणि त्यात कारुण्य सापडावे!

‘शेजारी’ (1941) मधल्या रात्रीच्या समूहगीताविषयी पुष्कळ लिहिता येईल. दोन म्हातारे शेजारी, एक हिंदू आणि एक मुसलमान, गावावर येऊ घातलेले धरण, आणि त्या दोघांत पडलेली फूट. ती पडण्यापूर्वी सारा गाव एका सुरात गातो. मास्तरांनी तेथे एकट्या गळ्याचे वैभव बाजूला ठेवून शेकडो सामान्य गळ्यांना चाल दिली. पुढे त्यांनी ‘वंदे मातरम्’ला चाल लावून ते समूहाने म्हणता येते हे दिल्लीपर्यंत जाऊन सिद्ध करण्याचा ध्यास घेतला, त्याचे बीज कदाचित अशा कामात असावे. पण तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

एका अडचणीकडे आजवर कोणी फारसे लक्ष दिलेले नाही. ‘प्रभात’चे बहुतेक महत्त्वाचे चित्रपट मराठी आणि हिंदी असे दोनदा होत. प्रसंग तोच, नटही पुष्कळदा तेच, चालही तीच, शब्द वेगळे. आता मराठीत ऱ्हस्व-दीर्घाचे वजन एक, हिंदी-उर्दूचे दुसरे. हिंदी शब्दाच्या शेवटी जी स्वरांची मुरड सहज मावते तिला मराठीत जागा नसते. मराठीतला ‘ळ’ आणि ‘च’ हिंदी गळ्याला अडतो. दोन्ही भाषांत नैसर्गिक वाटेल अशी चाल बांधायची म्हणजे ती कोणत्याही एका भाषेच्या उच्चाराला फार चिकटता कामा नये. नाट्यपदाची चाल हिंदी चिजेवरून मराठीत येत असे. येथे दोन्ही भाषा एका चालीच्या दारात एकाच वेळी उभ्या. मराठी भावगीताच्या आणि हिंदी चित्रपटगीताच्या चालींमध्ये आज जे साम्य जाणवते त्याची काही मुळे पुण्याच्या स्टुडिओतल्या या दुहेरी तालमींत सापडतील काय? भाषाविज्ञानाच्या एखाद्या विद्यार्थ्याने हे काम जरूर करावे.

इतरत्रही असेच लोक होते, हे विसरता येत नाही. कलकत्त्यास न्यू थिएटर्समध्ये रायचंद बोराल आणि पंकज मलिक होते. त्यांच्याच ‘धूप छाँव’पासून (1935) गाणे आधी मुद्रित करून नंतर चित्रित करण्याची पद्धत हिंदीत रूढ होऊ लागली. मुंबईस बॉम्बे टॉकीजमध्ये खुर्शीद मिनोचर-होमजी या पारशी बाई ‘सरस्वती देवी’ या नावाने संगीत देत होत्या. समाजाने डोळे वटारले म्हणून नाव बदलावे लागले. अशोककुमार आणि देविका राणी या न गाणाऱ्या जोडीकडून त्यांनी गाऊन घेतले, आणि त्या साध्या चालीच लोकांच्या ओठांवर बसल्या. पार्श्वगायन रुळल्यावर गाणारा आणि दिसणारा वेगळे झाले. चालीला नटाच्या गळ्याची मर्यादा उरली नाही. सोय झाली. पण पागनिसांच्या किंवा शांता आपट्यांच्या गाण्यात श्वास आणि चेहरा एकाच माणसाचा असतो, ते पुन्हा तसे झाले नाही.

‘प्रभात’ 1953 साली बंद पडली. त्या जागेत पुढे सरकारची चित्रपटशिक्षणसंस्था आली आणि आजही आहे. ‘प्रभात’मध्ये उमेदवारी केलेले वसंत देसाई शांतारामांबरोबर ‘राजकमल’मध्ये गेले, 1946 च्या ‘गोकुळ’साठी ‘प्रभात’मध्ये सुधीर फडके आले. त्यांच्यापासूनचा इतिहास सर्वांना ठाऊक आहे, आणि तो बहुधा तेथूनच सांगितला जातो.

गेल्या वर्षी आम्ही एम. ए.च्या वर्गाला ‘कुंकू’ दाखविला. उन्हाळ्याचे दिवस, खोलीत दोन जुने पंखे घरघरत होते. चित्रपट संपल्यावर मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला, ‘सर, मध्ये मध्ये आवाज गेला होता का?’ आवाज गेला नव्हता. पंख्याच्या घरघरीत घड्याळ ऐकू आले नाही, एवढेच. यंदा हिवाळ्याच्या सत्रात दाखवणार आहोत, पंखे बंद करून.